भांडा, पण तारखा ठरवून

सरकारी कचेरीत सगळ्यात झटपट निकाली निघणारा अर्ज म्हणजे ज्यावर ‘सदर बाब या कार्यालयाच्या हद्दीत येत नाही’ असा शेरा पडतो तो. बाकीच्या अर्जांना टिपणी लागते, निधी लागतो, वरच्या साहेबांची सही लागते. या शेऱ्याला फक्त नकाशा लागतो, आणि तो साहेबांच्या खुर्चीमागे आधीच टांगलेला असतो. ही हद्दीची जाण इतकी पक्की आहे की चोरी झालेला माणूससुद्धा आधी कोणतं पोलीस ठाणं लागतं याची चौकशी करतो आणि मग रडायला बसतो. शेवटी गुन्हा कोणत्याही ठाण्यात नोंदवता यावा म्हणून ‘झिरो एफआयआर’ची तरतूद थेट कायद्यात घालावी लागली, १ जुलै २०२४ पासून ती नागरिक सुरक्षा संहितेत आहे. नदीसाठी मात्र अशी सोय नाही. कृष्णा महाबळेश्वरला उगम पावते तेव्हा पुढे कर्नाटकात जायचा परवाना काढला आहे का, असं तिला कोणी विचारत नाही. २००२ मध्ये कर्नाटकातून सिंधुदुर्गात उतरलेल्या हत्तींनीही राज्य पुनर्रचना कायदा वाचलेला नव्हता. दोडामार्गची केळी महाराष्ट्रात मोडतात हे त्यांना खाऊन झाल्यावरही कळलं नसावं. पाणी आणि जनावरं अशी अशिक्षित असल्यामुळे त्यांनी केलेला पसारा आवरायला दोन शेजारी सरकारांना एकत्र बसावं लागतं. ती बसत नाहीत, बसली तर चहा पिऊन उठतात, आणि यांच्यात सलोखा नाही म्हणून आपण हळहळतो. माझं म्हणणं असं की सलोख्याची गरजच नाही. हद्दीपलीकडचं सहकार्य जिथे जिथे टिकलं आहे तिथे ते मनं जुळल्यामुळे टिकलेलं नाही. तारीख, माप आणि हिस्सा आधी लिहून ठेवल्यामुळे टिकलं आहे.

सलोख्यावर भरवसा ठेवला की काय होतं, याचा प्रयोग संसदेने १९५६ सालीच करून ठेवला आहे. त्या एका वर्षात नद्यांसाठी दोन कायदे झाले. पहिला नदी मंडळ कायदा. नदीकाठच्या राज्यांनी विनंती करावी, केंद्राने मंडळ नेमावं, मंडळाने सबंध खोऱ्याचा विचार करून राज्यांना सल्ला द्यावा, अशी त्यातली सोज्ज्वळ कल्पना. दुसरा आंतरराज्यीय नदी पाणी तंटा कायदा, म्हणजे जमलंच नाही तर लवादापुढे उभं राहण्याची सोय. पहिल्या कायद्याखाली आजवर स्थापन झालेल्या नदी मंडळांची संख्या शून्य आहे. दुसऱ्याखाली नऊ लवाद बसले. कृष्णेवर तर दोनदा. त्यातला दुसरा कृष्णा लवाद २००४ मध्ये नेमला गेला, त्याने २०१० मध्ये निवाडा दिला, २०१३ मध्ये त्यावर पुढचा अहवाल दिला, आणि त्यानंतरही हे प्रकरण मिटलं असं म्हणण्याचं धाडस कोणी केलं नाही. सहकार्याचा कायदा कोरा राहिला आणि भांडणाचा कायदा वापरून वापरून झिजला. यावरून आपली राज्यंच भांडखोर, असा निष्कर्ष काढण्याचा मोह होतो, पण तो घाईचा ठरेल. पहिल्या कायद्याच्या शेवटी सल्ला मिळतो आणि दुसऱ्याच्या शेवटी आकडा. आकडा मिळणार असेल तर माणूस पन्नास वर्षं खेटे घालायला तयार होतो. सल्ला त्याला घरी फुकट मिळत असतो.

वर्ष तेच, हेतूही तोच, अशी आणखी एक व्यवस्था म्हणजे विभागीय परिषदा. राज्यांना एकमेकांशी सहकार्याने वागायची सवय लागावी म्हणून पंडित नेहरूंच्या पुढाकाराने राज्य पुनर्रचना कायद्यातच पाच परिषदांची तरतूद झाली. अध्यक्ष केंद्रीय गृहमंत्री, सदस्य शेजारशेजारचे मुख्यमंत्री. आता महाराष्ट्राचे शेजारी मोजू. गुजरात, मध्य प्रदेश, छत्तीसगड, तेलंगणा, कर्नाटक आणि गोवा अशी सहा राज्यं. यांपैकी आपल्या पश्चिम विभागीय परिषदेत किती, तर दोन : गुजरात आणि गोवा. मध्य प्रदेश आणि छत्तीसगड मध्य परिषदेत बसतात. कर्नाटक आणि तेलंगणा दक्षिण परिषदेत. म्हणजे ज्या कर्नाटकाशी आपलं सीमेपासून धरणापर्यंत सगळ्यावर वाजतं आणि ज्या तेलंगणाशी गोदावरीवरून वाजत आलं आहे, ती दोन्ही राज्यं आपल्याला भेटू नयेत अशा बेताने परिषदा आखलेल्या आहेत. लग्नाच्या पंगतीत भांडलेल्या व्याह्यांना वेगवेगळ्या ओळीत बसवणाऱ्या अनुभवी यजमानालाच हे सुचू शकतं. याहून मोठी आंतरराज्य परिषद १९९० मध्ये सरकारिया आयोगाच्या शिफारशीवरून स्थापन झाली. तिची दहावी बैठक २००६ मध्ये झाली आणि अकरावी २०१६ मध्ये. कुंभमेळाही याहून नियमित भरतो.

आता दुसऱ्या बाजूला जे लोक सरकारी बैठकीविना हद्द ओलांडतात त्यांच्याकडे पाहावं, म्हणजे अडचण हद्दीची नाही हे ध्यानात येतं. महाराष्ट्रात गुटख्यावर २०१२ पासून बंदी आहे आणि सीमेवरच्या पोलिसांना तेव्हापासून उसंत नाही. सावंतवाडीजवळच्या इन्सुली नाक्यावर ‘गोवा बनावटीची दारू’ पकडल्याची बातमी इतक्या नेमाने येते की पंचांगात तिच्यासाठी रकाना ठेवायला हरकत नाही. या धंद्यात दोन राज्यांतल्या माणसांनी कधी संयुक्त निवेदन काढल्याचं ऐकिवात नाही. माल किती, वेळ कोणती, वाटा कोणाचा एवढं ठरलं की त्यांचं सहकार्य पूर्ण होतं. बेकायदा मंडळींचं उदाहरण नको असेल तर कायदेशीर घ्या. सहकारी संस्थेला राज्याच्या सहकार खात्याच्या नजरेखालून सुटून दिल्लीतल्या केंद्रीय निबंधकाकडे जायचं असेल तर एकाहून अधिक राज्यांत सभासद असावे लागतात. तशी तरतूद २००२ च्या बहुराज्य सहकारी संस्था कायद्यात आहे, आणि देशात अशा बहुराज्य संस्था सर्वाधिक आहेत त्या महाराष्ट्रात. कन्नड सभासद मिळवायला आपल्या संस्थांना सीमावादावरच्या महाजन आयोगाचा अडसर कधी आला नाही. उसाचंही तसंच. सप्टेंबर २०२३ मध्ये राज्य सरकारने परराज्यात ऊस न्यायला बंदी घातली तेव्हा शेतकरी संघटना अशा उसळल्या की काही दिवसांतच आदेश मागे घ्यावा लागला. पलीकडचा कारखाना टनामागे चार पैसे जास्त देतो एवढा हिशेब स्पष्ट असला की सीमाभागातला ट्रॅक्टर कुठल्याही सीमावादात अडकत नाही.

हे गावाकडच्या माणसाला समजावून सांगावं लागत नाही, कारण त्याच्या शिवारात सामायिक विहीर असते. तीन भाऊ, एक विहीर. थोरला आणि धाकटा बांध कोरण्यावरून वीस वर्षं बोलत नाहीत, मधल्याच्या मुलीच्या लग्नाला दोघंही गेलेले नाहीत. पण विहिरीत कोणाचा किती आणे हिस्सा ते कागदावर आहे, पाण्याचे वार ठरलेले आहेत, आणि सोमवारी मोटर धाकट्याची चालते म्हणजे धाकट्याचीच चालते. समजा भावांनी ठरवलं असतं की आधी दिलजमाई करू आणि मग पाण्याचं बघू, तर तिघांचाही ऊस वाळून गेला असता. हा शहाणपणा एका घरापुरता नाही. धुळे-नाशिक भागात पांझरा, मोसम या नद्यांवर शेकडो वर्षं चालत आलेली फड पद्धत याच तत्त्वावर उभी आहे. बंधाऱ्याखालची जमीन फडांत वाटलेली, कोणत्या फडात कोणतं पीक ते ठरलेलं, पाणी सोडायला पाटकरी नेमलेला. पाटकऱ्याला सगळ्यांवर प्रेम करण्याचा पगार मिळत नसे; ठरल्या शेताला ठरल्या वेळी पाणी देण्याचा मिळत असे.

सरकारांमध्ये हा प्रयोग पाहायचा असेल तर नांदेड जिल्ह्यात धर्माबाद तालुक्यातल्या बाभळीला जावं. गोदावरीवरचा हा बंधारा आपण बांधला तो पलीकडच्या श्रीरामसागर धरणाच्या फुगवट्यात, आणि तेव्हाच्या आंध्र प्रदेशाने आमचं पाणी अडवलं म्हणून सर्वोच्च न्यायालय गाठलं. प्रकरण इतकं तापलं की जुलै २०१० मध्ये आंध्रचे विरोधी पक्षनेते चंद्राबाबू नायडू आमदारांचा ताफा घेऊन बंधारा बघायला निघाले, महाराष्ट्र पोलिसांनी त्यांना अटक करून धर्माबादला ठेवलं आणि शेवटी खास विमानाने हैदराबादला पाठवणी केली. सलोख्याची पातळी यावरून लक्षात यावी. मग २८ फेब्रुवारी २०१३ ला न्यायालयाचा निकाल आला, आणि त्यात बंधुभावाबद्दल एक शब्द न काढता पुढील गोष्टी ठरल्या. बंधाऱ्याचे दरवाजे दर वर्षी १ जुलै ते २८ ऑक्टोबर उघडे राहतील. बंधाऱ्याची क्षमता २.७४ टीएमसी. दर वर्षी १ मार्चला महाराष्ट्राने ०.६ टीएमसी पाणी खाली सोडायचं. आणि हे सगळं होतं की नाही ते बघायला तीन माणसांची समिती : एक केंद्रीय जल आयोगाचा, एक इकडचा, एक तिकडचा. तेव्हापासून १ जुलै उजाडला की दोन्ही राज्यांचे अभियंते बंधाऱ्यावर जमतात आणि चौदा दरवाजे वर जातात. मधल्या काळात आंध्रचे दोन तुकडे झाले आणि दावा लावणारं राज्यच त्या काठावरून उठून गेलं. त्याच्या जागी तेलंगणा आलं. इकडे सरकारं बदलली, पक्ष फुटले, कोण कोणाबरोबर आहे हे सकाळचं वर्तमानपत्र पाहिल्याशिवाय सांगता येईनासं झालं. दरवाज्यांना यातलं काही कळलं नाही. त्यांना तारीख कळते.

यावर नांदेडचा शेतकरी म्हणेल, आणि त्याचं म्हणणं खोटं नाही, की हा कसला आदर्श? ऐन पावसाळ्यात दरवाजे उघडे आणि पाऊस संपल्यावर बंद. छत्री उन्हाळ्यात उघडण्यातला हा प्रकार. परतीचा पाऊस दगा देऊन गेला की बंधाऱ्यात साठणार काय? आक्षेप मान्य. बाभळीचा करार उत्तम आहे असं मी म्हणत नाही. तो पाळला जातो एवढंच म्हणतो. आणि पाळला जाणारा मध्यम करार हा न झालेल्या उत्तम करारापेक्षा दोन कारणांनी बरा. एक तर त्यातलं नुकसान मोजता येतं. १ जुलैऐवजी १५ ऑगस्ट करा, अशी मागणी आज करता येते, कारण आधी १ जुलै अस्तित्वात आहे. ‘परस्पर सामंजस्याने’ या शब्दात दुरुस्ती कशी करणार? सामंजस्य सहा आठवडे पुढे ढकला, असा अर्ज अजून कोणी लिहिलेला नाही. दुसरं कारण असं की शेतकऱ्याला पेरणीचं गणित मांडता येतं. पाणी मिळणार नाही हे नक्की माहीत असणं, आणि मिळेलही कदाचित, मंत्री बोलत आहेत, या आशेवर ऊस लावणं, यांतला दुसरा प्रकार जास्त शेतकऱ्यांना महागात पडला आहे.

त्या दुसऱ्या प्रकाराचा नमुनाही शेजारीच आहे. दर उन्हाळ्यात उत्तर कर्नाटकातली नदीपात्रं कोरडी पडतात आणि कोयना-वारणेतून पाणी सोडा म्हणून बेंगळुरूहून मुंबईला पत्र येतं. कधी पाणी सुटतं, कधी पैसे मोजून सुटतं, कधी पत्राला उत्तर येईपर्यंत मृग निघतो. इकडे सांगली जिल्ह्याच्या जत तालुक्याचा पूर्व भाग तहानलेला असतो आणि कर्नाटकाची तुबची-बबलेश्वर योजना त्याच्या उशाशी आलेली असते. म्हणून कोयनेचं पाणी तुम्ही घ्या आणि तुबचीचं आम्हाला द्या, असा अदलाबदलीचा सरळ प्रस्ताव काही वर्षांपासून चर्चेत आहे. दोघांकडे पाणी आहे, दोघांनाही दुसऱ्याचं हवं आहे, भूगोल अनुकूल आहे, तंत्रज्ञान अवघड नाही. फक्त कोणत्या महिन्यात किती टीएमसीच्या बदल्यात किती, हा तक्ता व्हायचा राहिला आहे. उलट तिलारीचं पाहा. धरण सिंधुदुर्गातल्या दोडामार्गला आणि पाण्याचा मोठा वाटेकरी गोवा. १९९० मध्ये करार झाला, खर्चाचे आणि पाण्याचे हिस्से टक्केवारीत लिहिले गेले, आणि डिचोली-बार्देशकडे पाणी जाऊ लागलं. तिलारीचे कालवे अधूनमधून फुटतात हे खरं. तिकडच्या नळांना कोरड पडली की इकडे फोन येतो. पण फुटलेला कालवा दोघांचा आहे, यावर वाद होत नाही. हाच गोवा पलीकडे म्हादईवरून कर्नाटकाशी २०१० ते २०१८ लवादात उभा होता आणि निवाड्यानंतरही तो वाद शमलेला नाही. गोव्याची माणसं तीच, स्वभावही तोच.

आता सगळ्यात वजनदार आक्षेप. पाणीवाटपाला तारखा ठीक आहेत, पण आपत्तीचं काय? पूर काही तारीख लावून येत नाही. २०१९ च्या महापुरात कोल्हापूर-सांगली बुडाली तेव्हा सगळ्यांची बोटं कर्नाटकातल्या अलमट्टी धरणाकडे वळली. राज्याने नेमलेल्या नंदकुमार वडनेरे समितीने अभ्यास करून सांगितलं की पुराला अलमट्टी कारणीभूत नाही. समितीचा हा निष्कर्ष लोकांच्या फारसा पचनी पडला नाही, कारण पुराचं कारण शेजारच्या राज्यात सापडणं हे नदीपात्रातल्या आपल्याच बांधकामांत सापडण्यापेक्षा केव्हाही सोयीचं. अलमट्टीची उंची ५१९.६० वरून ५२४.२५६ मीटर करायला आपला विरोध आहे आणि तो असायलाही हरकत नाही. खालच्या राज्याने धरण उंच केलं की वरच्याने झोपेत दचकावं हे स्वाभाविकच आहे. पण याच भांडणाच्या पोटात, २०१९ नंतर, दोन्हीकडच्या जलसंपदा खात्यांनी पावसाळ्यात पातळी आणि विसर्ग यांची माहिती एकमेकांना देत राहण्यावर भर दिला. अमुक पातळी झाली की अमुक इतके दरवाजे, हा आपत्तीतलाही तारीखवारच आहे; कॅलेंडरच्या जागी पाण्याची पातळी येते इतकंच. पूर आल्यावर मंत्र्याने मंत्र्याला फोन लावायचा तर आधी दोन्ही स्वीय सहायकांचं जमावं लागतं. उपअभियंत्याने उपअभियंत्याला आकडा कळवायचा तर फोन चार्ज असला की भागतं.

काही लोक म्हणतात, हे सगळे उपाय म्हणजे दुखण्यावर फुंकर. मुळात हद्दीच पुसा. एक नदी, एक प्राधिकरण. एक महानगर, एक प्राधिकरण. ही सूचना ऐकायला गोड आहे, आणि ती मुंबई महानगर प्रदेशात करूनही पाहिली आहे. एमएमआरडीए १९७५ पासून आहे. तिच्या छत्राखाली आज नऊ महापालिका आहेत. सगळ्यांत धाकटी पनवेल, २०१६ ची. प्राधिकरण आल्याने महापालिका कमी झाल्या नाहीत, नऊजणांत दहावा वाढला. लोकल गाडी चर्चगेटहून विरारला जाताना तीन महापालिकांच्या हद्दी पार करते आणि डब्यातल्या माणसाला पत्ताही लागत नाही. रस्त्याने जा, डांबराचा रंग बदलला की हद्द बदलली. दहिसरचा टोलनाका हलवायचं २०२५ मध्ये घाटत होतं तेव्हा तो आहे तिथे नको, यावर पुष्कळांचं एकमत होतं. आमच्या दारात मात्र नको, यावर त्याहून जास्त जणांचं. मुंबई रोज सुमारे ३,८५० दशलक्ष लिटर पाणी पिते, त्यातलं बरंच शहापूर तालुक्यातल्या भातसा-तानसातून येतं, आणि उन्हाळ्यात शहापूरच्याच पाड्यांवर टँकर लागतात. धरण आणि तहान एकाच तालुक्यात, एकाच राज्यात. मधे परराज्याची हद्द नाही. हद्द पुसून पाणी मिळत असतं तर आधी तिथे मिळालं असतं. शहापूरचा हिस्सा कुठे आकड्यात बसला नाही, एवढीच त्याची चूक. याउलट पुण्याने आणि पिंपरी-चिंचवडने हद्द न पुसता २००७ मध्ये आपापल्या बससेवा एकत्र करून पीएमपीएमएल काढली आणि तोटा कसा वाटायचा ते ठरवून टाकलं : ६० टक्के पुणे, ४० टक्के पिंपरी-चिंचवड. नफ्याचं काय, हे विचारायची गरज कोणाला पडली नाही, यातच दोन्ही महापालिकांचं व्यवहारज्ञान दिसतं. बसबद्दल तक्रारी हजार आहेत. पण तोटा कोणाचा, यावर बस निगडीला अडकून पडलेली नाही.

उरला एक खवचट आक्षेप : सहकार्य हवंच कशाला, स्पर्धा काय वाईट? चंद्रपूर जिल्ह्याच्या जिवती तालुक्यातली चौदा गावं पाहा. महाराष्ट्र म्हणतो आमची, तेलंगणा म्हणतं आमची. त्यामुळे तिथल्या लोकांकडे दोन रेशनकार्डं, दोन मतदार ओळखपत्रं, दोन राज्यांच्या शाळा, दोन सरपंच. एका घराच्या काही खोल्या महाराष्ट्रात आणि काही तेलंगणात असल्याची बातमी सगळ्या देशाने चवीने वाचली. सरकारं भांडली तर जनतेला दुप्पट मिळतं, मग भांडू द्या! नोव्हेंबर २०२२ मध्ये कर्नाटकाचे मुख्यमंत्री बसवराज बोम्मई यांनी जतच्या चाळीस गावांचा विषय काढला तेव्हाही असंच झालं. गावं हातची जातील म्हणताच आपल्या सरकारला विस्तारित म्हैसाळ योजना लगोलग आठवली. आक्षेप गमतीचा आहे आणि अर्धा खराही. पण स्पर्धा जे देता येतं आणि देताना दिसतं तेच देते. त्याच चौदा गावांना सगळं दोनदा मिळालं तरी जमिनीच्या पट्ट्यांसाठी मागणी करत राहावं लागलं, कारण पट्टा देताना एकाने तरी हद्द ठरवावी लागते. शिवाय स्पर्धेला दोन दावेदार लागतात, आणि गावांवर हक्क सांगणारे दावेदार मिळतात तसे सांडपाण्यावर हक्क सांगणारे मिळत नाहीत. पंचगंगेचं प्रदूषण कोल्हापूरकडून इचलकरंजी-शिरोळकडे उतरतं. ते आमचंच आहे म्हणून वरच्या आणि खालच्या संस्थांमध्ये ओढाताण झाल्याचं कोणी पाहिलेलं नाही. जिथे फायदा वाटायचा तिथे स्पर्धा चालेल. जिथे घाण, पूर, तोटा आणि जबाबदारी वाटायची तिथे टक्केवारीच लागते.

सीमावाद मिटेपर्यंत हे सगळं कसं होणार, असं विचारणाऱ्यांना एवढंच सांगायचं की महाजन आयोग १९६६ चा आहे, महाराष्ट्राचा सर्वोच्च न्यायालयातला दावा २००४ चा आहे, आणि डिसेंबर २०२२ मध्ये गृहमंत्र्यांसमोर ठरलेली सहा मंत्र्यांची समिती, प्रत्येकी तीन, ही या कुळातली सगळ्यांत तरुण पिढी आहे. वाद मिटल्यावर सहकार्य करायचं ठरवलं तर सीमाभागातली एसटी आपण नातवंडांसाठी राखून ठेवतो आहोत असं समजावं. दर आंदोलनात पहिला मार बसतो तो बसला. कुणीतरी तिला काळं फासतो, दोन्ही महामंडळं फेऱ्या बंद करतात, आणि निपाणीचा प्रवासी कोल्हापूरला वडापने जातो. अमुक दिवस बंद राहिल्यावर गाड्या आपोआप सुरू होतील, नुकसान अमुक प्रमाणात वाटून घेऊ, एवढं दोन महामंडळांनी शांततेच्या काळात लिहून ठेवलं तर सीमाप्रश्नावरच्या कोणाच्याही भूमिकेला धक्का लागत नाही. भूमिका तत्त्वाची असते, तिने उपाशी राहावं. प्रवाशाला डबा गाठायचा असतो.

तेव्हा दोन सरकारांनी एकमेकांवर प्रेम करावं हा आग्रह आपण सोडून द्यावा. तो त्यांना झेपत नाही, आणि झेपला तर मतदारांना संशय येतो. त्याऐवजी चार गोष्टी मागाव्यात : काम कोणत्या तारखेला किंवा कोणत्या पातळीला सुरू होणार, किती होणार, पैसा कोणाचा किती टक्के, आणि झालं की नाही हे पाहणारा तिसरा माणूस कोण. या चार ओळी ज्या कागदावर नाहीत तो सामंजस्य करार नसून मुख्यमंत्र्यांच्या हस्तांदोलनाच्या फोटोखालची ओळ आहे असं समजावं. अशा चार ओळी एकदा लिहिल्या की मग भांडणाला पूर्ण मोकळीक द्यायला हरकत नाही. उलट नेते भांडणात गुंतलेले राहिले तर अभियंत्यांना काम करायला सवड मिळेल. एका १ जुलैला दोन्ही राज्यांच्या पुढाऱ्यांनी गोदावरीकाठी एकमेकांविरुद्ध जंगी सभा घ्यायचं ठरवलं तरी चालेल. सभा मात्र बाभळीच्या खालच्या अंगाला, नदीच्या पात्रात ठेवू नये.